सेलिया लोव्हस्की यांची ओळख नवऱ्याच्या नावाने का सांगायची?

सेलिया लोव्हस्की हे नाव आज फारसे कुणाला आठवत नाही, आणि ज्यांना आठवते तेही बहुधा ‘अभिनेते पीटर लॉरे यांची पहिली पत्नी’ एवढेच सांगून थांबतात, याचे मला मनापासून वाईट वाटते.

१८९७ साली व्हिएन्नात एका ऑपेरा-संगीतकाराच्या घरी जन्मलेल्या सेलिया यांनी रीतसर नाट्यशिक्षण घेतले होते आणि लॉरे भेटण्यापूर्वीच त्या रंगभूमीवर काम करत होत्या. १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला, ज्यू असलेल्या लॉरे यांना जर्मनी सोडावा लागला. सेलियाही त्यांच्याबरोबर पॅरिसमार्गे लंडनला गेल्या, १९३४ मध्ये तिथे दोघांचे लग्न झाले आणि त्याच वर्षी ती दोघे अमेरिकेत पोहोचली. त्यानंतर थेट १९४५ च्या घटस्फोटापर्यंत नवऱ्याची कारकीर्द बहरत राहिली आणि ही शिकलेली, मुरलेली अभिनेत्री मात्र पडद्याबाहेरच राहिली. हॉलिवूडने तिची ती वर्षे वाया घालवली, असेच मला वाटते.

पन्नाशीच्या उंबरठ्यावर त्यांनी पुन्हा सुरुवात केली, तेव्हा त्यांच्या बोलण्यातील व्हिएन्नाच्या हेलामुळे वाट्याला आल्या त्या मुख्यतः परदेशी म्हाताऱ्या बायकांच्या दोन-चार मिनिटांच्या भूमिका. तरीही ‘मॅन ऑफ अ थाउजंड फेसेस’ (१९५७) मधील मूकपटांच्या काळातील अभिनेते लॉन चॅनी यांची मूकबधिर आई पाहावी: इथे तो हेलही नाही, शब्दच नाहीत, केवळ हात आणि डोळे आहेत. ‘द ट्वायलाइट झोन’ या अद्भुतकथांच्या दूरचित्रवाणी मालिकेच्या १९६४ मधील एका भागात तर चिरतरुण नटीची आई म्हणून समोर आलेली वृद्धा प्रत्यक्षात तिची मुलगी निघते, आणि हा धक्का पटतो तो सेलिया यांच्या थकलेल्या, घाबरलेल्या आवाजामुळेच.

१९५७ च्या त्या चित्रपटाचे दिग्दर्शक जोसेफ पेव्हनी यांनीच पुढे ‘स्टार ट्रेक’ या अंतराळप्रवासाच्या दूरचित्रवाणी मालिकेचा ‘अमॉक टाइम’ (१९६७) हा भाग दिग्दर्शित केला. त्यात सेलिया यांनी साकारलेली टी’पाव ही व्हल्कन ग्रहावरची अधिकारी स्त्री पालखीतून येते, आणि आल्या क्षणापासून अंतराळयानाचा कप्तान कर्क आणि डॉक्टर मॅकॉय यांच्यासारखी मुरब्बी माणसेही तिच्यापुढे दबून वागतात. मालिकेतील व्हल्कन अधिकारी स्पॉकचा तो जगप्रसिद्ध नमस्कार, म्हणजे मधले बोट आणि अनामिका यांच्यात फट ठेवून उंचावलेला पंजा, पडद्यावर प्रथम दिसला तो याच भागात, तिच्यासमोर. स्पॉक साकारणारे लेनर्ड निमॉय यांनी लहानपणी सिनेगॉगमध्ये पाहिलेल्या ज्यू पुरोहितांच्या आशीर्वादाच्या मुद्रेवरून तो घेतला होता. सेलिया यांची बोटे त्या मुद्रेत सहज बसत नव्हती, म्हणून चौकटीबाहेर दुसऱ्या हाताने ती जुळवून मगच त्यांनी हात वर केला. नाझींमुळे देशोधडीला लागलेल्या स्त्रीपुढे ती मुद्रा प्रथम यावी हा निव्वळ योगायोग असेल. पण तो माहीत झाल्यापासून मला तो प्रसंग पूर्वीसारखा पाहता आलेला नाही. ‘स्टार ट्रेक’वर जीव टाकणाऱ्या किती जणांना या अभिनेत्रीचे नाव सांगता येईल?

‘सॉयलेंट ग्रीन’ (१९७३) या भविष्यातील अन्नटंचाईवरच्या चित्रपटात त्या पुस्तके जपणाऱ्या वृद्धांच्या प्रमुख आहेत. समोर अभिनेते एडवर्ड जी. रॉबिन्सन, तेही लहानपणी रुमानियातून अमेरिकेत आलेले, आणि त्यांचा हा शेवटचा चित्रपट. या छोट्याशा प्रसंगात सेलिया त्यांना ‘सॉयलेंट’ कंपनीच्या अन्नामागील सत्याचा पुरावा आणायला सांगतात, आवाज जराही न चढवता, आणि ऐकणाऱ्याला दुसरा पर्याय उरत नाही.