बारा वर्षं राहिला म्हणून घर त्याचं होत नाही

गोव्यातल्या व्हॉट्सअ‍ॅप गटांवर एक निरोप फिरतोय. त्याचा सारांश असा: भाडेकरू असो वा राखणदार, बारा वर्षं घरात राहिला की घर त्याचं. घरपट्टीची पावती आणि विजेचं बिल त्याच्या नावावर असलं की विषय संपला. एक-चौदाच्या, म्हणजे गोव्यातल्या जमिनीच्या नोंदीच्या, उताऱ्यावर ज्याचं नाव, तोच मालक. तेव्हा वेळीच कुलूप बदला, सामान बाहेर काढा.

बारा वर्षांचा आकडा हवेतून आलेला नाही. दावा किती काळात लावायचा हे ठरवणाऱ्या 1963 च्या मुदत कायद्यात तो आहे. सरकारी जमिनीसाठी तीस वर्षं. पण ही मुदत माणूस राहायला आला त्या दिवसापासून मोजत नाहीत. ‘हे तुझं नाही, माझं आहे’ अशा थाटात तो उघडपणे, मालकाच्या हक्काला आव्हान देत राहू लागला (यालाच प्रतिकूल कब्जा म्हणतात), तिथून मोजतात. आणि हे सिद्ध करायचं ओझं त्याच्याच डोक्यावर. जो भाडं देतो तो दर महिन्याला समोरच्याची मालकी कबूलच करतो. चार-सहा महिने भाडं थकवलं म्हणून तो काही प्रतिकूल कब्जेदार होत नाही.

राखणदाराचं तर सर्वोच्च न्यायालयाने 2012 मध्येच स्पष्ट केलंय, तेही गोव्यातल्याच प्रकरणात. घर बहिणीच्या नावावर, राहत होता भाऊ. खालच्या न्यायालयांत भावाची सरशी झाली, दिल्लीत निकाल फिरला. राखणदार, नोकर किंवा आपुलकीने फुकट ठेवून घेतलेला माणूस कितीही वर्षं राहिला तरी त्याला त्या मालमत्तेत हक्क मिळत नाही, असं न्यायालयाने म्हटलं.

निरोप लिहिणारा बहुधा गोव्याबाहेरचा असावा. कारण इथे राहण्यातून खरोखर हक्क उभा राहतो, त्या मुंडकारीचा, म्हणजे भाटकाराच्या (जमीनमालकाच्या) जागेत त्याच्या संमतीने घर करून राहण्याचा, त्यात उल्लेखच नाही. 1975 च्या कायद्याने मुंडकाराला हुसकावण्यापासून संरक्षण दिलं. मामलेदाराकडे नोंद करता येते, घर आणि भोवतालची जागा विकतही घेता येते: पंचायत क्षेत्रात 300 चौरस मीटरपर्यंत, शहरात 200. पण तिथेही नुसती वर्षं मोजून भागत नाही. मुळात भाटकाराच्या संमतीने कायमचं घर करून राहिलेला असावा लागतो. पगारी नोकर किंवा चौकीदार त्या व्याख्येत बसत नाही.

इथेच अनेकांचे दावे लटपटतात. अर्जात एका परिच्छेदात ‘मी मुंडकार’ आणि पुढच्याच परिच्छेदात ‘बारा वर्षं प्रतिकूल कब्जा’. मुंडकार भाटकाराच्या परवानगीने राहतो. प्रतिकूल कब्जा म्हणजे परवानगीच नाही. दोन्ही एकाच तोंडाने कसं म्हणणार?

2021 चं भूमिपुत्र विधेयकही काहींच्या डोक्यात घोळत असतं. तीस वर्षांचा रहिवास आणि 250 चौरस मीटरपर्यंतच्या घराची मालकी, अशी त्यात तरतूद होती. विधानसभेत ते संमत झालं, गदारोळ उठला, आणि त्याचा कायदा काही झाला नाही.

घरपट्टीची पावती म्हणजे कर भरल्याचा पुरावा, मालकीचा नव्हे. विजेच्या बिलाचंही तेच. उताऱ्याचं मात्र थोडं वेगळं आहे. जमीन महसूल संहितेनुसार एक-चौदावरची नोंद खरी धरली जाते, पण उलट पुरावा येईपर्यंतच. कब्जेदाराच्या रकान्यात एक नाव, कुळाच्या रकान्यात दुसरं, आणि ‘इतर हक्क’ मध्ये कुणाचं तरी घर, असे उतारे गावोगावी आहेत. घेणारा बऱ्याचदा पहिलाच रकाना वाचून बयाणा देऊन मोकळा होतो.

शिवाय रकान्यात एकट्या थोरल्या भावाचं नाव असलं तरी बाकीच्या वारसांचा हिस्सा उडत नाही. गोव्याच्या कुटुंब कायद्यात वेगळा करार नसेल तर मालमत्ता नवरा-बायकोची समाईक, म्हणजे बायकोच्या सहीविना विक्री नाही. आणि मुलं असली तर मृत्युपत्राने बापाला आपल्या वाट्याच्या निम्म्याचीच मर्जीप्रमाणे विल्हेवाट लावता येते. इन्व्हेंटरी, म्हणजे वारसांमधल्या वाटणीची न्यायालयीन कार्यवाही, न झालेल्या घरात एक भाऊ राहिला आणि बाकीचे मुंबईला किंवा लिस्बनला गेले, तरी त्याचा ताबा कायद्याच्या नजरेत सगळ्यांच्या वतीनेच असतो. त्यांचा हक्क त्याने उघडपणे नाकारला, तरच गोष्ट वेगळी.

राहिला कुलूप बदलण्याचा सल्ला. पूर्ण निरोपातलं सर्वांत घातक वाक्य हेच. विनिर्दिष्ट अनुतोष कायद्याच्या (स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्ट) कलम 6 खाली, कायदेशीर मार्गाशिवाय बाहेर काढलेला माणूस सहा महिन्यांच्या आत दावा लावून ताबा परत मिळवू शकतो, मालकाविरुद्धसुद्धा, आणि त्या दाव्यात मालकी कुणाची हा प्रश्नच निघत नाही. म्हणजे कागद सगळे तुमचे, तरी किल्ली पुन्हा त्याच्या हातात द्यायची वेळ येते. भाडेकरू 1968 च्या भाडे नियंत्रण कायद्याखालचा असेल तर थकलेलं भाडं, पोटभाडेकरू किंवा स्वतःची गरज असं कारण दाखवून त्या कायद्याच्या वाटेनेच जावं लागतं. परवानगीने राहणाऱ्याला ती परवानगी संपल्याची लेखी नोटीस द्यायची आणि ताब्यासाठी दिवाणी दावा लावायचा. त्याने मुंडकारी पुढे केली, तर तेवढा मुद्दा आधी मामलेदाराकडे जातो.