वेसण नाकात असते, मेंदूत नाही

नमस्कार सर,

तुमची प्रतिक्रिया शनिवारी रात्री वाचली आणि आधी रागच आला. मग माझा लेख उघडून माझीच वाक्यं तुमच्या नजरेने वाचली, तेव्हा राग निम्म्यावर आला. उरलेल्या निम्म्यासाठी हे उत्तर. लांबलंय, चहा घेऊन बसा.

इतरांसाठी थोडक्यात सांगतो. ‘परक्याच्या मेंदूवर ताबा’ या लेखात मी यजमान प्राण्याचं वागणंच बदलून टाकणाऱ्या परजीवींबद्दल लिहिलं होतं. ‘वेसण घातलेल्या बैलासारखा यजमान चालू लागतो’ असं एक वाक्य त्यात होतं. तासगावकडचे एक निवृत्त जीवशास्त्र शिक्षक त्यावर म्हणतात, वेसण नाकात असते हो, मेंदूत नाही, आणि बुरशी मुंगीच्या मेंदूत शिरते हे तुम्ही चूक लिहिलंय. ज्याला मेंदूच नाही तो कृमी ‘डाव टाकतो’ ही कीर्तनातली भाषा झाली. उदाहरणं सगळी थायलंड-जपानची, आमच्या रानातलं एकही नाही. आणि शेवटी, जरा खालच्या आवाजात म्हणावं तसं, त्यांनी लिहिलंय की लेख वाचून त्यांच्या गरोदर सूनबाई घाबरल्या आणि घरचे लोक घरातलं सात वर्षांचं मांजर पोत्यात घालून लांबच्या वस्तीवर सोडून आले.

सुरुवात मांजरापासून करतो, कारण बाकीचं थांबू शकतं.

टोक्सोप्लाझ्मा, म्हणजे माझ्या लेखातल्या उंदीर-मांजराच्या गोष्टीतला सूक्ष्म परजीवी जंतू. तो गरोदरपणात पहिल्यांदाच झाला तर पोटातल्या बाळाला धोका असतो, हे खरं आहे. पण मांजराला कुरवाळून तो होत नाही. मांजर ह्या जंतूची अंडी बाहेर टाकतं ते सहसा आयुष्यात एकदाच, पहिल्या लागणीनंतरचे एक ते तीन आठवडे. ताज्या विष्ठेतली अंडी लागण करू शकत नाहीत, ती तयार व्हायला एक ते पाच दिवस लागतात. म्हणजे घाण रोजच्या रोज, दुसऱ्या कुणीतरी उचलली की बराचसा प्रश्न मिटतो. आता आपल्याकडची मांजरं कुठे पेटीत जातात, ती परसातली माती नाहीतर बांधकामाची वाळू उकरतात. तेव्हा सूनबाईंनी तिथे कोथिंबीर लावायला उघडा हात घालू नये, भाजी नीट धुवावी आणि मटण पुरतं शिजलेलं खावं. अर्धकच्चं मांस आणि न धुतलेली भाजी हे या जंतूचे ठरलेले रस्ते आहेत, मांजराचं अंग नव्हे. लागण आधी होऊन गेलीय का, हे रक्ताच्या तपासणीत कळतं. ते त्यांच्या डॉक्टरांना विचारा, मला नको.

हे सगळं मूळ लेखात दोन ओळींत मावलं असतं. मी लिहिलं नाही, कारण उंदराची गोष्ट रंगात आली होती. चूक माझी. सूनबाईंना माझ्यातर्फे माफी सांगा.

त्या गोष्टीतही मी मीठ-मसाला घातला होता. ऑक्सफर्डच्या संशोधकांनी २००० साली दाखवलं की लागण झालेले उंदीर मांजराच्या मुताच्या वासापासून पळत नाहीत, काही तर तिकडेच घुटमळतात. या जंतूची लैंगिक वाढ फक्त मांजराच्या कुळातल्या प्राण्याच्या आतड्यात होते, त्यामुळे गोष्ट अगदी चपखल बसते. मी पुढे जाऊन ‘उंदराला मांजराचं प्रेम जडतं’ असं ठोकून दिलं. पण जिनिव्हातल्या संशोधकांनी २०२० मध्ये तपासलं तेव्हा उंदरांची भीती सगळीकडूनच कमी झालेली निघाली, कोल्ह्याच्या वासालाही ते बिचकत नव्हते. म्हणजे प्रेमबिम काही नाही, उंदीर नुसता निर्धास्त झालेला. माणसांचा स्वभाव बदलतो म्हणावं, तर न्यूझीलंडमधल्या ड्युनेडिन इथे आठशेवर माणसांचा अभ्यास २०१६ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात स्वभावाशी म्हणण्यासारखा संबंध जवळजवळ सापडलाच नाही. ‘आपल्यापैकी कितीजणांना आतून कुणी चालवतंय कोण जाणे’ हे माझं वाक्य मी काढून टाकलंय.

आता वेसण. सर, हा टोला मारताना तुम्हाला ठाऊक नसेल की तो किती नेमका बसलाय.

ओफिओकॉर्डिसेप्स ही बुरशी लागलेली मुंगी वारूळ सोडते, जमिनीपासून साधारण पंचवीस सेंटिमीटर उंचीवरच्या पानाखाली जाते, शीर जबड्यात पकडते आणि तशीच मरते. मग तिच्या मानेतून बुरशीचा देठ फुटतो. वॉलेस या इंग्रज निसर्ग-अभ्यासकाने १८५९ मध्ये इंडोनेशियातल्या सुलावेसी बेटावर अशा मुंग्या गोळा केल्या होत्या, म्हणजे गोष्ट जुनी आहे. बुरशी मेंदूत बसून हे घडवत असणार, असं बरेच जण धरून चालले होते, मीही त्यातलाच. २०१७ मध्ये पेनसिल्व्हेनियातल्या संशोधकांनी मुंगीचे पातळ पातळ काप करून इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली पाहिले. बुरशीच्या पेशी डोक्यात होत्या, धडात होत्या, पायांत होत्या. स्नायूंभोवती तर त्यांनी एकमेकींना जोडून घेत जाळंच विणलं होतं. मेंदू तेवढा शाबूत. बुरशी काही रसायनं सोडून मेंदूवर बाहेरून परिणाम करत असेल, ती शक्यता आहेच. पण आत शिरलेली नव्हती. वेसण नाकातच होती, सर.

आपण बेंदराला ज्या बैलाला ओवाळतो, त्यालाही कासऱ्याने चालायला कुणी शिकवलेलं नसतं. चालणं त्याचंच. आपण फक्त कुठे वळायचं आणि कधी थांबायचं तेवढं सांगतो. माझ्या लेखात हे निसटलं होतं, ते तुमच्या एका ओळीने हातात आलं. परजीवी बहुतेक वेळा यजमानाला नवीन काही शिकवत नाही. यजमानाच्या अंगात जे आधीपासून आहे, त्याची वेळ नाहीतर जागा चुकवतो.

याचं सगळ्यात चांगलं उदाहरण आपल्या रानात आहे आणि ते मी लेखात घातलं नाही, हा तुमचा आक्षेप तर मला झोंबलाच. कारण मी ते हातात धरून पाहिलंय.

खटाव तालुक्यात आमचं थोडं कोरडवाहू रान आहे. दोन वर्षांमागे पौषात सकाळी हरभऱ्यात शिरलो. पँट गुडघ्यापर्यंत आंबेने, म्हणजे हरभऱ्याच्या पानांवरच्या आंबट दवाने, भिजलेली, पायाला चरचरतंय. घाटे भरत आले होते आणि घाटेअळी पडली होती. एका झाडाच्या अगदी शेंड्याला एक अळी उलटी लोंबत होती, मागच्या पायांनी काडी धरलेली, डोकं खाली. रंग काळपट, कातडी ताणून तुकतुकीत झालेली. मी बोट लावलं तर कातडं ओल्या कागदासारखं फाटलं आणि तपकिरी पाणी मनगटापर्यंत ओघळलं. वास असा, की दुपारी जेवताना भाकरीला येत होता. पुढच्या झाडावर तशीच एक, त्याच्या पुढे आणखी दोन. सगळ्या शेंड्यालाच.

शेजारच्या रानातले आबा बांधावर उभे राहून हसत होते. “वरच जाऊन मरत्यात त्या. खाली मेलेली म्या तर बघितली न्हाई. फुकाचं औषध हाय ते, गोळा करा, वाटा, फडक्यातनं गाळा आन् सांजच्याला मारा.”

आबांचं बरोबर आहे. हा एनपीव्ही नावाचा विषाणू. दुकानात तो एचएएनपीव्ही म्हणून बाटलीत मिळतो आणि बाटलीवर ‘एल.ई.’ असं माप असतं. एक एल.ई. म्हणजे एका मेलेल्या अळीत असतो तेवढा विषाणू. उन्हाने तो मरतो म्हणून फवारणी संध्याकाळी करायची आणि द्रावणात नीळ घालायची, हे आपल्याकडच्या हरभरेवाल्यांना सांगावं लागत नाही. पण ती अळी शेंड्याला का जाते, हे त्यांना कुणी विचारत नाही, आणि माझ्यासारखे लोक थायलंडच्या मुंग्या शोधत बसतात.

अमेरिकेत २०११ मध्ये एका झाडावरच्या सुरवंटावर याचा उलगडा होऊ लागला. तो सुरवंट रात्री वर चढून खातो आणि दिवसा पाखरांच्या भीतीने खाली येऊन लपतो. विषाणू लागलेला वरच राहतो. विषाणूत एक जनुक आहे, ते सुरवंटाचं कात टाकण्याचं संप्रेरक निकामी करतं. ते एक जनुक काढलेला विषाणू दिला, तर सुरवंट मेले खालीच. आपल्या घाटेअळीवर चिनी संशोधकांनी २०२२ मध्ये काम केलं. विषाणू तिच्या उजेड ओळखण्याच्या जनुकांशी खेळतो, ती उजेडाकडे चढत राहते. दिवा जितका उंच लावला तितकी अळी उंचावर जाऊन मेली. उजेडाची जाण तिचीच. विषाणूने ती वाढवून ठेवली, इतकंच.

वर मेलेली अळी फुटते आणि कोट्यवधी विषाणू खालच्या पानांवर गळतात. ती पानं दुसऱ्या अळ्या खातात. आपण रानात पक्षीथांबे उभे करतो, त्यावर बसलेला कोतवाल पक्षी अशी अळी टिपतो आणि विष्ठेतून विषाणू पुढच्या रानात नेऊन टाकतो. त्यालाही कुणी फवारणीची मजुरी देत नाही.

आता तुमचा ‘कीर्तनातली भाषा’ हा मुद्दा. ‘डाव टाकतो’ हे मी चुकून नव्हे, मुद्दाम लिहिलं होतं, आणि पुन्हा लिहीन. आपण ‘पाऊस दडी मारून बसलाय’ म्हणतो तेव्हा पावसाला मन आहे असं कुणी समजत नाही. मात्र डाव कुणी टाकलेला नाही, हे एकदा तरी स्पष्ट सांगायला हवं होतं, तेवढं तुमचं मान्य. ज्या विषाणूची अळी खाली मातीत मेली, त्याची पिल्लावळ तिथेच संपली. ज्याची वर मेली, त्याची साऱ्या रानात पसरली. हे लाखो पिढ्या चाललं की मागे जो उरतो तो डावपेच जाणणाऱ्यासारखा दिसतो. जर्मनीतल्या मेसेलला सापडलेल्या एका पानाच्या जीवाश्मात शिरेवर मुंगीच्या चाव्यासारख्या खुणा आहेत, वय ४ कोटी ८० लाख वर्षं. एवढा वेळ मिळाला तर अक्कल नसतानाही बरंच काही जमतं.

माणसाचं उदाहरण हवं असेल तर मांजर कशाला, नारूचा जंत घ्या. माझ्या आजीच्या घोट्याजवळ त्याचा वण होता. दूषित पाण्यातल्या सायक्लॉप्स नावाच्या बारीक किड्यातून नारू पोटात जायचा आणि वर्षभराने हातभराहून लांब मादी पायाच्या कातडीखाली यायची. तिथे फोड, आणि फोडाची अशी आग की माणूस पाय पाण्यात घालायचाच. साताऱ्याजवळच्या लिंब गावची बारा मोटांची विहीर पाहिलेल्याला पायऱ्यांनी थेट पाण्यापर्यंत कसं उतरता येतं ते कळेल, तशा विहिरी गावोगाव होत्या आणि पिण्याचं पाणी तेच. पाय बुडाला की मादी पिल्लं सोडायची. आजी सांगायची, नारू काडीला गुंडाळून रोज बोटभर ओढायचा, तुटला की मेलो. भारतातला शेवटचा रुग्ण जुलै १९९६ मधला, राजस्थानातला, आणि २००० साली देश नारूमुक्त जाहीर झाला. यात मेंदूला कुणी हात लावलाय? आग झाली की पाणी शोधायचं हे आपलंच शहाणपण. पुन्हा नाकातली वेसण.

एक गोष्ट मात्र तुमच्याही विरुद्ध जाते. एक हिरवी-निळी चकचकीत गांधीलमाशी असते, झुरळ धरणारी, तिला रत्नमाशी म्हणू. ती पहिला डंख छातीत मारते, म्हणजे पुढचे पाय लुळे. दुसरा डंख मानेतून थेट मेंदूत. झुरळ मरत नाही, लुळंही राहत नाही. अर्धा तास अंग साफ करत बसतं आणि मग आपणहून चालण्याची त्याची इच्छाच जाते. माशी त्याच्या मिशा अर्ध्यावर तोडते, उरलेला तुकडा धरते आणि बिळापर्यंत चालवत नेते. मिशी धरलेली दिसते ती कासऱ्यासारखी, पण काम आधीच मेंदूत झालेलं असतं. इथे ‘ताबा’ हा माझा शब्द मी मागे घेणार नाही.

नाकतोड्याला पाण्यात उडी मारायला लावणाऱ्या केसासारख्या कृमीचा परिच्छेद आहे तसाच ठेवलाय. त्यात तुम्हालाही काही चूक सापडली नाही, हे मी मनात नोंदवून ठेवलंय.

दुरुस्त्या आजच केल्या: मुंगीचा मेंदू, उंदराचं प्रेम, गरोदर बाईने काय काळजी घ्यायची तो नवा परिच्छेद, आणि हरभऱ्याची अळी, फोटोसकट. फोटो जेवायच्या आधी उघडू नका. शीर्षक बदलायचंय, पण ‘ताबा’ काढून काय घालावं ते सुचत नाहीये. तुम्हाला सुचलं तर कळवा.

आणि मांजर परत आलं का, तेही. सात वर्षं एका घरात राहिलेलं मांजर कधी कधी वाट शोधत येतं. आलं असेल तर सूनबाईंना हे उत्तर आधी वाचायला द्या.