बॉस्वर्थची लढाई खिळ्यामुळे हरली नाही

शिबिरांत आणि व्हॉट्सअ‍ॅपवर एक गोष्ट सारखी फिरते. इंग्लंडचा राजा तिसरा रिचर्ड लढाईला निघाला, नालबंदाकडे एक खिळा कमी पडला, त्याने तसंच भागवलं. ऐन रणात नाल निघाली, घोडा कोसळला, फौज पळाली आणि एका खिळ्यापायी प्लँटाजेनेट घराण्याचं सव्वातीनशे वर्षांचं राज्य बुडालं.

आधी खिळा. बॉस्वर्थची ही लढाई 22 ऑगस्ट 1485 ची. त्या काळाच्या जवळपास लिहिणाऱ्या कोणाच्याही लिखाणात खिळा नाही, नालही नाही. 'खिळा गेला, नाल गेली, घोडा गेला' या अर्थाचं वचन तेराव्या शतकातल्या जर्मन पद्यात आहे. रिचर्ड जन्मला 1452 साली. म्हण आधीची, राजा तिला मागून चिकटवलेला. शिवाय नाल साधारण सहा ते आठ खिळ्यांवर बसते आणि खुराच्या भिंतीतून बाहेर आलेली त्यांची टोकं वळवून ठोकलेली असतात. एक खिळा नसला तर नाल लगेच गळून पडत नाही, हळूहळू सैल होते. ती उपटते ती बहुधा चिखलात ओढली गेल्यामुळे, किंवा मागचा पाय पुढच्या नालेच्या टाचेवर पडल्यामुळे. आणि उपटली तरी मऊ जमिनीवर घोडा त्याच क्षणी कोसळत नाही.

घोड्याचा धागा थोडा खरा आहे. रिचर्डचा घोडा दलदलीत उतरला आणि बाहेर निघेना, असं बर्गंडीचा बखरकार झाँ मोलिने लिहितो. उलट, पळून जा म्हणून राजापुढे वेगवान घोडा आणला होता आणि त्याने तो नाकारला, असं इतिहासकार पॉलिडोर व्हर्जिल सांगतो. व्हर्जिल ट्यूडरांच्या, म्हणजे ही लढाई जिंकून गादीवर आलेल्या घराण्याच्या, आश्रयाने लिहीत होता, तरी शत्रूंच्या गर्दीत रिचर्ड मर्दासारखा लढून पडला हे त्याने लपवलं नाही. घोड्यासाठी राज्य द्यायला निघालेला राजा शेक्सपिअरच्या रंगभूमीवरचा, शंभरेक वर्षांनंतरचा.

मग हरला कशाने? माणसांनी. त्याची फौज हेन्री ट्यूडरच्या फौजेपेक्षा मोठी होती, पण नॉर्थम्बरलंडचा अर्ल (सरदार) आपली तुकडी घेऊन उभा राहिला, लढलाच नाही. थॉमस स्टॅनली हा हेन्रीच्या आईचा नवरा. त्याचा मुलगा रिचर्डने ओलीस ठेवला होता, तरी तो राजाच्या मदतीला आला नाही. हेन्री थोड्या लोकांनिशी दिसताच रिचर्डने खासे स्वार घेऊन थेट त्याच्यावर झडप घातली. हेन्रीचा निशाणदार विल्यम ब्रँडन मारला गेला, धिप्पाड जॉन चेनी घोड्यावरून खाली आला. नेमक्या त्याच वेळी थॉमसचा भाऊ विल्यम स्टॅनली हेन्रीच्या बाजूने तुटून पडला. 2012 मध्ये लेस्टरच्या वाहनतळाखाली सापडलेल्या सांगाड्यावर मृत्यूच्या सुमाराच्या अकरा जखमा आहेत, त्यातल्या नऊ कवटीवर. म्हणजे शिरस्त्राण तोवर डोक्यावर उरलं नव्हतं. घोड्यावरून पडून मेलेल्या माणसाची ही कवटी नव्हे.

त्यातही घराणं आधीच आतून पोखरलेलं होतं. एप्रिल 1483 मध्ये रिचर्डचा भाऊ, राजा चौथा एडवर्ड, वारला. काकाने, म्हणजे रिचर्डनेच, पुतण्याला बाजूला सारून गादी घेतली आणि एडवर्डचे दोन्ही मुलगे लंडनच्या टॉवर या किल्ल्यात दिसेनासे झाले. यॉर्क पक्षाचे, म्हणजे रिचर्डच्याच बाजूचे, कित्येक सरदार त्यामुळे हेन्रीकडे वळले. या सगळ्यात निर्णायक काय म्हणाल, तर हेच. पुढे 1484 मध्ये रिचर्डचा एकुलता औरस मुलगा गेला, मार्च 1485 मध्ये राणी ॲन.

राहिला 'घराणं त्या दिवशी संपलं' हा दावा. गादी गेली, वंश राहिला. रिचर्डचा दुसरा पुतण्या, वॉरिकचा अर्ल एडवर्ड, तेव्हा दहा वर्षांचा होता. हेन्रीने त्याला टॉवरमध्ये डांबलं आणि 28 नोव्हेंबर 1499 रोजी त्याचा शिरच्छेद करवला. घराण्याची औरस पुरुषशाखा तिथे तुटली. त्याची बहीण मार्गारेट पोल हिला हेन्रीच्या मुलाने, आठव्या हेन्रीने, 1541 मध्ये, 67 व्या वर्षी, मारवलं.