पायाखालची जमीन

परवा रात्री ‘लाचो द्रोम’ हा सिनेमा तिसऱ्यांदा पाहिला. दिग्दर्शक टोनी गॅटलिफचा, १९९३ चा. राजस्थानच्या वाळवंटातून निघून इजिप्त, तुर्कस्तान, रुमानिया, हंगेरी, फ्रान्स करत पार स्पेनपर्यंत रोमा, म्हणजे जिप्सी, लोकांची वाट. निवेदक नाही, संवाद जवळपास नाहीतच. जे आहे ते गाण्यात आणि नाचात.

आधी दोनदा मी घागऱ्यांच्या घेरात आणि हातांच्या लयीतच अडकले होते. या खेपेला फक्त जमीन बघितली. नाचताहेत खरे, पण कुणाच्या जागेवर?

हंगेरीतलं ते स्टेशन घ्या. फलाटावर एक खिन्न बाई बसलीय. तिचा मुलगा रुळांपलीकडे थांबलेल्या रोमांकडे जातो, ते गायला-नाचायला लागतात आणि ती हसते. माझा सगळ्यात आवडता प्रसंग. पण फलाटावर कोण मुक्कामाला असतं? गाडी आली की आटोपलं. आणि स्पेनमध्ये तर घरांची दारं-खिडक्या विटांनी बुजवलेल्या. तिथे ला काइता ही गायिका टेकडीवरून गावाकडे बघत नुसती गाते. नाचत नाही.

नावाचीही गंमत आहे. लाचो द्रोम म्हणजे वाट चांगली लागो. रोमानीत, म्हणजे रोमांच्या भाषेत, घराला ‘खेर’ म्हणतात, तो आपल्या ‘घर’चाच भाऊबंद. पाणी ‘पानी’, नाक ‘नाख’, दहा ‘देश’. पण सात, आठ, नऊ ग्रीकांकडून घेतलेले, आणि ‘द्रोम’सुद्धा. घराचा शब्द घरून नेला, वाटेचा मात्र वाटेतच सापडला!

एवढं कळलं की आपल्याकडे लगेच ‘रोमा म्हणजे आपलीच माणसं’ असे फॉरवर्ड सुरू होतात. मला त्यांचा राग येतो. ‘रोम’ हा शब्द ‘डोम’ या आपल्याकडच्या जातीच्या नावावरून आला, असं बहुतेक भाषाशास्त्रज्ञ मानतात. आपला ‘डोंबारी’ त्याच गोतातला. इंग्रजांनी १८७१ च्या कायद्यानं कितीतरी भटक्या जमातींवर जन्मजात गुन्हेगार असा शिक्का मारला. तो कायदा १९५२ ला गेला. शिक्का?

गेल्या महिन्यात आमच्या सोसायटीच्या गेटबाहेर डोंबाऱ्याचा खेळ लागला. सात-आठ वर्षांची पोर दोरीवर, खाली ढोलकी. गॅलऱ्यांतून टाळ्या पडल्या, मोबाइल निघाले. तासाभरानं वॉचमनला सांगून त्यांना उठवलं. सांगणाऱ्यांत मी नव्हते, अडवणाऱ्यांतही नव्हते. बिऱ्हाड कुठे टाकलंय, हेही विचारलं नाही. व्हिडिओ अजून आहे फोनमध्ये.