पहिलं ब्रीफ कुणी दिलं?

गेल्या महिन्यात माझ्या ज्युनिअरला सनद मिळाली. त्याचे वडील पेढ्यांचा बॉक्स घेऊन कोर्टात आले. त्यांचं गॅरेज आहे. कितीही घासले तरी नखांच्या कडेचं काळं ग्रीस जात नाही, म्हणून त्यांनी बॉक्स कागदाच्या रुमालात धरला होता. बार रूममध्ये प्रत्येकाच्या टेबलापाशी जाऊन त्यांनी पेढा दिला, मग माझ्या शेजारी बसले आणि हळू आवाजात म्हणाले, "साहेब, आमच्या मोहल्ल्यातला हा पहिला वकील. कोट तर मिळाला. आता याला काम कोण देणार?"

तो प्रश्न तेव्हापासून डोक्यातून जात नाहीये.

आपल्याकडे जयंती-पुण्यतिथीला फोटोला हार घालतात आणि भाषणात "पहिले" हा शब्द येतो. पहिले बॅरिस्टर, पहिले न्यायमूर्ती, पहिले सरन्यायाधीश. टाळ्या पडतात. त्या माणसाला पहिलं ब्रीफ, म्हणजे खटल्याचं काम, कुणी दिलं, हे मात्र कुणी विचारत नाही. वकिली करणाऱ्या कुणालाही विचारा, सगळं तिथंच अडतं.

बदरुद्दीन तय्यबजी घ्या. सुलेमानी बोहरा व्यापाऱ्याचा मुलगा, वयाच्या सोळाव्या वर्षी विलायतेला गेला. मध्येच डोळ्यांच्या दुखण्यामुळे परत यावं लागलं, बरं वाटल्यावर पुन्हा गेला आणि 1867 साली मिडल टेम्पलमधून बॅरिस्टर होऊन मुंबईत आला. मुंबई हायकोर्टातला पहिला हिंदी, म्हणजे भारतीय, बॅरिस्टर. त्या काळी हायकोर्टाच्या ओरिजिनल साइडला (दावे थेट जिथं दाखल होतात ती शाखा) बॅरिस्टरला पक्षकाराकडून थेट काम घेता येत नसे. मध्ये सॉलिसिटर हवा. तो ब्रीफ पाठवणार, तेव्हा बॅरिस्टर उभा राहणार. (ही दुहेरी पद्धत 1976 च्या कायदादुरुस्तीनं गेली.) सॉलिसिटर बहुतेक गोरे. पण तय्यबजींचे थोरले भाऊ कमरुद्दीन हे 1858 सालीच विलायतेत सॉलिसिटर झालेले पहिले हिंदी गृहस्थ. म्हणजे बदरुद्दीन कोर्टात पाय ठेवण्याआधी घरात एक सॉलिसिटर तयार होता. यानं त्यांची बुद्धी तसूभरही कमी होत नाही. पण दार आतून उघडणारं कुणीतरी होतं, एवढं नक्की.

आणि त्या उघडलेल्या दाराचा फायदा पुढं कुणाला झाला ते बघा. 1897 चा जुलै. राजद्रोहाच्या खटल्यात टिळकांना अटक झाली. मॅजिस्ट्रेटनं जामीन नाकारला. हायकोर्टाच्या खंडपीठानंही नाकारला, आणि त्या खंडपीठात खुद्द न्यायमूर्ती रानडे होते. खटला सेशनला वर्ग झाल्यावर पुन्हा अर्ज झाला तो न्यायमूर्ती तय्यबजींपुढं. 1895 साली ते न्यायाधीश झाले होते, आणि त्याआधी, 1887 साली, मद्रासच्या काँग्रेसचे अध्यक्ष. सरकारची नजर असणारच, हे त्यांना कळत नव्हतं असं थोडंच आहे? 4 ऑगस्टला त्यांनी जामीन मंजूर केला. महिनाभर टिळकांना बाहेर राहून खटल्याची तयारी करता आली. सप्टेंबरात नऊ जणांच्या ज्युरीनं सहा विरुद्ध तीन मतांनी दोषी ठरवलं आणि अठरा महिन्यांची शिक्षा झाली, ते निराळं. आजही सेशनला जामिनावर बोलताना, आरोपीला बचावाची तयारी करता आली पाहिजे, हा मुद्दा मी मांडतो तेव्हा मला तो अर्ज आठवतो.

तय्यबजींपुढं टिळकांच्या वतीनं तो अर्ज चालवणारे बॅरिस्टर होते दिनशा दावर, पारशी. अकरा वर्षांनी, 1908 साली, हेच दावर न्यायाधीश म्हणून बसले होते. त्यांच्यापुढं टिळकांच्या जामिनासाठी उभे राहिले जिना. दावरांनी जामीन नाकारला आणि पुढं सहा वर्षांची शिक्षा दिली. हे मुद्दाम सांगतोय. अल्पसंख्य समाजातून आलेला माणूस आपोआप न्यायी होतो, असं माझं म्हणणं नाही. खुर्ची सगळ्यांसाठी उघडी पाहिजे, त्या खुर्चीत कोण कसा वागेल हा ज्याच्या त्याच्या सदसद्विवेकाचा भाग.

मुंबईला गेलात तर हायकोर्टातली टिळकांची पाटी जरूर बघा. "ज्युरीनं काहीही ठरवलं तरी मी निर्दोष आहे" हे त्यांचे शब्द तिथं कोरलेत. 1956 साली त्या पाटीचं अनावरण केलं मुख्य न्यायमूर्ती एम. सी. छागलांनी. ज्या कोर्टानं शिक्षा दिली, त्याच कोर्टाच्या प्रमुखानं. मी पहिल्यांदा गेलो तेव्हा तिथं बराच वेळ उभा होतो. शिपायानं दोनदा विचारलं, "साहेब, कोणतं कोर्ट हवंय?"

छागला मुंबईचे खोजा. 1922 साली बॅरिस्टर झाले, जिनांच्या चेंबरमध्ये वर्षानुवर्षं काम केलं, आणि राजकारणात पटेना तेव्हा वेगळे झाले. सुरुवातीची कित्येक वर्षं त्यांच्याकडं फारसं काम नव्हतं. 1941 साली न्यायाधीश, 1947 साली मुंबईचे पहिले कायम हिंदी मुख्य न्यायमूर्ती. फाळणीच्या त्या वर्षात एका मुसलमान माणसाकडं मुंबईच्या न्यायसंस्थेचं प्रमुखपद होतं आणि त्यांनी ते 1958 पर्यंत, अकरा वर्षं, सांभाळलं.

आणि बाबासाहेब. 1923 साली मुंबईत वकिली सुरू केली तेव्हा दोन परदेशी विद्यापीठांच्या पदव्या खिशात, पण सनदेच्या पैशांची पंचाईत. नवल भथेना हा पारशी मित्र मदतीला आला. ओरिजिनल साइडला ब्रीफ पाठवणारा एकही सॉलिसिटर नाही. घरात कुणी कमरुद्दीन नाही. म्हणून अपील शाखा, खालची कोर्टं, मोफसल म्हणजे मुंबईबाहेरची कोर्टं, आणि जोडीला बाटलीबॉयंच्या संस्थेत व्यापारी कायदा शिकवणं. जी कामं आली ती कुणाची? 1926 साली पुण्यात "देशाचे दुश्मन" या पुस्तकाच्या प्रकरणात जेधे-जवळकरांचं अपील, त्यात त्यांनी सुटका मिळवली. 1934 साली संततिनियमनाचा प्रचार करणाऱ्या र. धों. कर्व्यांची केस, ती हरले. ज्यांना इतरांच्या दारात उभं राहणं अवघड होतं, ती माणसं त्यांच्याकडं आली. चवदार तळ्याच्या दाव्यात तर ते स्वतःच प्रतिवादी होते, आणि 17 मार्च 1937 ला हायकोर्टात तो निकाल बाजूनं लागला. तळ्यावरचं पाणी प्यायल्याला तोवर दहा वर्षं होत आली होती.

दुसरीकडं सर जमशेदजी कांगांचं चेंबर बघा. सीरवाई, पालखीवाला, नरिमन, सोराबजी सगळे तिथले. पारशी हा मूठभर समाज, पण सीनियर ज्युनिअरला नुसती बॅग देत नव्हता, काम देत होता.

हे मला लागतं, कारण मी दोन वर्षं एका सीनियरची बॅग उचलली आहे. ड्राफ्टिंग माझं, आर्ग्युमेंट त्यांचं, इथपर्यंत ठीक. एक दिवस ते चांगल्या शब्दांत म्हणाले, "तू ऑफिसातच बरा आहेस. पक्षकार आडनाव विचारतात रे." मी घरी सांगितलं नाही. आई अजून शेजारणींना सांगते, माझ्या लेकाला मोठ्या वकिलांनी तयार केलं.

गेल्या वर्षी, 14 मे 2025 ला, अमरावतीचे भूषण गवई सरन्यायाधीश झाले, त्या पदावरचे पहिले बौद्ध. आमच्या बारनं फटाके वाजवले, मीही वाजवले. पण त्याच दिवशी आमच्या जिल्ह्याच्या सरकारी वकिलांच्या पॅनलची यादी काढून मी आडनावं वाचत बसलो होतो. तुम्हीही आपापल्या जिल्ह्याची काढा. बँकांची पॅनलं बघा, नगरपालिकेचं बघा. मग सीनियर मंडळींनी आपल्या ऑफिसातल्या ज्युनिअरनं गेल्या वर्षभरात किती मॅटर स्वतः चालवली, ते डायरी उघडून मोजावं. तारीख मागायला उभा राहिला, ते धरू नका.

ज्युनिअरच्या वडिलांना, चाचांना, त्या दिवशी मी एवढंच म्हणालो, "मी देतो." सोमवारी पोटगीचं एक मॅटर आहे. वकीलपत्रावर त्याचं एकट्याचं नाव आहे, उलटतपासही तोच घेणार. मी मागच्या बाकावर बसेन.