खानदेशात शहामृग? होय, होतं

"खानदेशात शहामृग? कोंबडीची टरफलं सापडली असतील, नाहीतर आफ्रिकेतून कुणीतरी आणली असतील, आणि त्यावरची नक्षी म्हणजे झाडांच्या मुळांच्या खुणा" असं तुम्ही माझ्या लेखावर लिहिलंय. लेखात मी म्हटलं होतं की २५ हजार वर्षांपूर्वी खानदेशात शहामृग होतं, आणि पुरावा म्हणून तिथे सापडलेले त्याच्या अंड्याच्या टरफलाचे तुकडे दिले होते, एकावर तर माणसाने कोरलेली नक्षीही आहे. राग नाही आला, उलट एवढं मोठं लिखाण कुणीतरी शेवटपर्यंत वाचलं याचंच बरं वाटलं.

आधी कोंबडी. उद्या आम्लेट कराल तेव्हा टरफल चिमटीत धरून बघा, अर्धा मिलिमीटरही भरत नाही. शहामृगाचं २ मिलिमीटरच्या आसपास, जवळजवळ कपाची खापरी! शिवाय त्यावरची छिद्रं वेगळी, त्यामुळे नखाएवढा तुकडा असला तरी जाणकाराला कळतं.

आफ्रिकेचं म्हणाल तर, टरफलाचे नुसते दोन-चार मणी मिळाले असते तर मी पण गप्प बसलो असतो. पण राजस्थान, मध्यप्रदेश, महाराष्ट्र मिळून कितीतरी ठिकाणी हे तुकडे मिळालेत आणि त्यातले बरेच ना घासलेले ना कोरलेले, आता २५ हजार वर्षांपूर्वी एवढ्या लांबून टरफलं आणून चंबळच्या खोऱ्यात टाकून कोण देणार हो? २०१७ मध्ये डीएनएचा पेपर पण आला, त्यात शहामृगाशी ९२ टक्के जुळणी दाखवलीय. मात्र तो पुरावा मी फार ताणणार नाही, कारण एकाच तुकड्यातून जेमतेम ४३ अक्षरांचा डीएनए वाचता आला होता.

मुळांच्या खुणांबद्दल मात्र तुमचं बरंचसं बरोबर आहे. प्राचीन शैलकलेचे अभ्यासक रॉबर्ट बेडनारिक यांनी भारतातले असे तुकडे तपासले, आणि "नक्षी" म्हणून मिरवले जाणारे बहुतेक मुळांनी खाल्लेलेच निघाले. पण चाळीसगाव तालुक्यातल्या पाटण्याचा, पुरातत्त्वज्ञ साळींच्या उत्खननातला तुकडा त्यातूनही टिकला. समांतर रेघा, त्यांच्यामध्ये फुलीफुलीची जाळी, दोन पट्टे. मुळं वाट फुटेल तशी जातात, असे पट्टे आखत नाहीत.

खरी चूक तुमच्या नजरेतून सुटली, ती मीच सांगतो. मी या पक्ष्याला बिनधास्त 'स्ट्रुथिओ एशियाटिकस' म्हणून टाकलं, म्हणजे शहामृगाची एक नामशेष जात. ते नाव फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञ मिल्न-एडवर्ड्सने १८७१ मध्ये हिमालयाच्या पायथ्याच्या शिवालिक टेकड्यांतल्या हाडांवरून दिलं, आणि ती हाडं पाटण्याच्या टरफलांपेक्षा लाखो वर्षं जुनी. टरफलं बघून तीच जात म्हणणं हा माझा आगाऊपणा होता, लेखात आता नुसतं 'शहामृग' केलंय.