संत्र्याच्या ब्रेडमध्ये कडूपणा येतो कुठून? एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार ताई,

प्रतिक्रिया रागाने लिहिली असलीत तरी काय काय केलं ते तुम्ही नीट सांगितलंत. त्यामुळे मलाही मोघम बोलायची गरज नाही. बाकीच्या वाचकांसाठी तुमचं म्हणणं आधी थोडक्यात मांडते.

बिनअंड्याचा संत्र्याचा ब्रेड तुम्ही इथल्या मापाने केला. तो कडू झाला, वरून काळपट पडला आणि तळाशी बोटभर चिकट, कच्चा थर राहिला. संत्री ऑक्टोबरमधली, नागपूरच्या कळमना बाजारातून आणलेली. सकाळी ती सोलून मिक्सरमध्ये फिरवली, रस गाळला, चव दाट यावी म्हणून आटवून निम्मा केला आणि संध्याकाळी त्यातला अर्धा कप पिठात घातला. चांगला फुगावा म्हणून सोडा अर्ध्या चमच्याऐवजी एक चमचा घेतला. शेवटी तुम्ही लिहिलंत, 'नागपुरी संत्र्याचा ब्रेड होतच नाही. इसेन्स घालून करणारे परवडले. लोकांचं सामान वाया घालवू नका.'

शेवटचं सोडून सगळं मला पटतं. तुम्ही सांगता तसं केलं तर ब्रेड असाच होणार. पण नागपुरी संत्र्याचा ब्रेड होतो आणि उत्तम होतो. हे फळ स्वतःच्या पद्धतीने हाताळून घेतं, एवढंच.

आधी कडूपणाचं बघू. या ब्रेडमध्ये तीन वेगवेगळ्या गोष्टींमुळे कडूपणा येऊ शकतो आणि तो कशामुळे आला हे जिभेवर ओळखता येतं. घास घेतल्या घेतल्या कडू लागलं आणि दाताखाली सालीचे तुकडे आले, तर दोष सालीच्या आतल्या पांढऱ्या थराचा. साबणासारखी, तोंड कोरडं करणारी चव आली, तर सोडा जास्त झालाय. आणि आधी गोड लागून, घास गिळल्यावर जिभेच्या मागच्या बाजूला कडवटपणा रेंगाळत राहिला, तर तो रसातला. तुमच्या वर्णनावरून तुमच्या ब्रेडमध्ये दुसरा आणि तिसरा एकत्र आलेत.

तिसऱ्याबद्दल जरा सविस्तर लिहिते, कारण याची माहिती कमी असते आणि नागपुरी संत्र्यात तो हमखास आढळतो. संत्र्याच्या बिया, फोडींवरचे पापुद्रे आणि मधला पांढरा दांडा यांत एक पदार्थ असतो, जो स्वतः कडू नसतो. फोड अख्खी असते तोवर तो आपल्या जागी राहतो. बी चिरडली, पापुद्रा फाटला की तो आंबट रसात मिसळतो आणि आम्लामुळे हळूहळू त्याचं लिमोनिन तयार होतं. लिमोनिन मात्र चांगलंच कडू असतं. म्हणून ताजा काढलेला रस गोड लागतो आणि तोच रस काही तासांनी कडू होतो. उष्णता मिळाली की ही क्रिया आणखी वेगाने होते. नागपुरी संत्र्याचा रस बाटलीत भरून विकायचा म्हटलं की मोठी अडचण येते ती हीच.

आता तुमची कृती यावर ताडून बघा. मिक्सरच्या पात्याने बिया आणि पापुद्रे दोन्ही चिरडले. गाळणीने चोथा निघतो, पण जे रसात उतरलं ते उतरलंच. मग रस दिवसभर ठेवला. मग उकळला. उकळताना पाणी उडालं, कडू भाग तेवढाच राहिला, म्हणजे प्रत्येक चमच्यातलं त्याचं प्रमाण दुप्पट झालं. शिवाय ऑक्टोबरचं फळ आंबिया बहाराचं, म्हणजे वर्षअखेरीच्या हंगामाचं, त्यातही सुरुवातीचं, अजून हिरवट. फळ जितकं कच्चं तितका हा पदार्थ जास्त, पिकत जाईल तसा कमी होतो.

खात्री करायची असेल तर दोन पेले घ्या. एकात चार फोडी सोलून, बिया काढून, हाताने अलगद पिळलेला रस. दुसऱ्यात चार फोडी बियांसकट मिक्सरमध्ये फिरवून गाळलेला. लगेच चाखा, फारसा फरक लागणार नाही. झाकून ठेवा आणि संध्याकाळी पुन्हा चाखा. मिक्सरचा रस कोणता ते सांगावं लागणार नाही. किन्नू आणून यातून सुटका होत नाही बरं का. त्याचा रसही ठेवल्यावर कडू होतो आणि बिया तर त्यात भरमसाठ.

रस आटवल्याने चव दाट होईल हा हिशेबच मुळात चुकतो. संत्र्याचा जो वास आपल्याला हवा असतो तो सालीच्या केशरी भागातल्या बारीक तेलग्रंथींमध्ये असतो. साल वाकवून दाबली की डोळ्यात जी चिळकांडी उडते, तेच ते तेल. रसात मुख्यतः पाणी, साखर आणि आंबटपणा. जो थोडाफार सुगंध असतो तो उकळताना वाफेबरोबर जातो. म्हणजे आटवून आपण वास घालवतो आणि कडूपणा राखतो. वास सालीतून घ्यायचा आणि रस फक्त पीठ भिजवायला आणि आंबटपणासाठी वापरायचा. इसेन्सची गरज मग उरतच नाही.

पण साल नागपुरी संत्र्याची असली की किसणं जपून. घट्ट सालीचं फळ किसणीवर सरळ फिरवता येतं. आपल्या संत्र्याची साल सैल, मऊ आणि पातळ. दाब पडला की ती आत दबते, फाटते आणि किसणी थेट पांढऱ्या थरात घुसते. म्हणून फळ निवडतानाच आकाराच्या मानाने जड आणि अंगाला चिकटलेल्या सालीचं घ्या. हलकं, पोकळ सालीचं फळ खायला गोड असेल, किसायला निरुपयोगी. कोमट पाण्यात चोळून धुवा, पुसून कोरडं करा आणि तासभर फ्रिजमध्ये ठेवा. थंड साल कडक होते. मग आल्याच्या बारीक किसणीवर अगदी हलक्या हाताने, एका जागी एकदाच. कीस केशरी दिसला पाहिजे, फिकट पिवळा दिसायला लागला की थांबा.

याहून सोपा मार्ग आपल्या फळाला चालतो, कारण त्याची साल सहज सुटते. साल मोठ्या तुकड्यांत काढा, पाटावर उलटी पसरा आणि चमच्याच्या कडेने आतला पांढरा थर खरवडून टाका. साल इतकी पातळ व्हायला हवी की उजेडासमोर धरल्यावर तेलाचे ठिपके आरपार दिसतील. मग ती सुरीने अगदी बारीक चिरा. दोन संत्र्यांची साल पुरते, साधारण दोन छोटे चमचे. हा कीस साखरेत घालून बोटांनी दोन-तीन मिनिटं चोळायचा. साखरेच्या कणांनी ग्रंथी फुटतात, साखर ओलसर आणि केशरी होते. ही पायरी गाळू नका, सगळा वास इथेच मिळतो.

रस काढताना फोडी सुट्या करा, दोरे काढा, फोडीची मधली कड कात्रीने कापून बिया काढा आणि गाळणीवर चमच्याने हलकेच दाबा. चोथा पिळायचा मोह टाळा. दोन मध्यम संत्र्यांत 80 मिली रस निघतो, आपल्याला तेवढाच लागतो. बाकी सगळं मांडून झाल्यावरच रस काढा, म्हणजे तो वाट बघत बसणार नाही.

माप पुन्हा देते: मैदा 200 ग्रॅम, साखर 150 ग्रॅम, दही 180 ग्रॅम, रस 80 मिली, बिनवासाचं तेल 80 मिली, बेकिंग पावडर दीड छोटा चमचा, सोडा अर्धा छोटा चमचा, मीठ पाव छोटा चमचा. छोटा चमचा म्हणजे 5 मिलीचा मापाचा, आणि तो सपाट करून. पोहे खायचा चमचा नव्हे. मैदा शक्यतो काट्यावर तोलाच, वाटीने दाबून भरला तर सहज 30-40 ग्रॅम जास्त जातो. अर्धी कणीक चालेल, मग रस आणि दही तेवढंच ठेवून वर दोन मोठे चमचे दूध घाला, कारण कोंडा पाणी धरतो. तेलाऐवजी तूप घालणार असाल तर थंडीत दही आणि रस आधी फ्रिजबाहेर काढून ठेवा. डिसेंबरात नागपूरच्या स्वयंपाकघरात पातळ तूप गार दह्यात पडलं की लगेच गोठतं आणि गुठळ्या राहतात.

आता सोड्याचं. सोडा एकटा नीट काम करत नाही, त्याला आम्ल लागतं. 180 ग्रॅम दही आणि 80 मिली रस यांतलं आम्ल साधारण अर्ध्या चमच्यालाच पुरतं. वरच्या अर्ध्या चमच्यातला बराचसा न वापरता पिठात पडून राहिला. साबणासारखी चव त्याची. आणि वरचा काळपटपणाही त्याचाच, कारण पिठात क्षार जास्त झाला की साखर आणि प्रथिनं फार लवकर तांबूस होतात. आतून ब्रेड अर्धाच झालेला असताना वरून तो झाल्यासारखा दिसतो आणि रंग बघून आपण बाहेर काढतो. तळाचा कच्चा थर काही अंशी इथूनच आला.

बाकीचा आला रसातून. 80 मिलीच्या जागी अर्धा कप, म्हणजे 120 मिली रस गेला. 40 मिली जास्त रस 200 ग्रॅम मैद्याला झेपत नाही. त्यात जास्त सोड्यामुळे बुडबुडे सुरुवातीलाच भराभर उठले आणि पीठ घट्ट बसायच्या आत निघून गेले. पीठ खाली बसलं आणि तळाशी तो थर तयार झाला. ब्रेड भट्टीत आधी छान वर येऊन नंतर मधोमध खचला का, हे तुम्ही लिहिलं नाहीत, पण तसंच झालं असणार.

मृग बहाराचं फळ, जे फेब्रुवारी ते एप्रिल येतं, ते जास्त गोड आणि कमी आंबट असतं. त्या वेळी दही ताजं, गोड असेल तर एक छोटा चमचा लिंबाचा रस घाला, नाहीतर अर्धा चमचा सोडासुद्धा जास्त होईल. कडूपणाच्या दृष्टीने मृगाचं पिकलेलं फळ आंबियाच्या सुरुवातीच्या फळापेक्षा निर्धोक. आंबियाचंच घ्यायचं तर डिसेंबरपर्यंत थांबा.

मिसळताना क्रम असा: साखर-साल चोळून झाली की त्यात तेल आणि दही फेटा, मग रस. मैदा, पावडर, सोडा, मीठ दोनदा चाळून वरून घाला आणि कोरडा मैदा दिसेनासा झाला की हात थांबवा. बारीक गुठळ्या राहिल्या तरी चालतील, फेटत बसलात तर ब्रेड चिवट होतो आणि आत लांबट बोगदे पडतात. ओटीजी (घरगुती विजेची भट्टी) याआधीच 170 अंशांवर तापलेला हवा. सोडा ओला झाल्या क्षणापासून वायू सुटू लागतो, म्हणून पाच मिनिटांच्या आत टिन आत गेला पाहिजे.

टिन 8 बाय 4 इंची, अर्ध्यापेक्षा थोडा जास्त भरेल. अरुंद आणि उंच डबा असेल तर वेळ दहा-पंधरा मिनिटं वाढतो. लहान ओटीजीत वरच्या सळ्या टिनच्या अगदी डोक्यावर येतात, तेव्हा टिन सर्वांत खालच्या जाळीवर ठेवा आणि अर्ध्या तासाने वरून फॉइल सैल टाका. त्याआधी दार उघडू नका. एकूण 45 ते 55 मिनिटं. रंगावर जाऊ नका. विणकामाची सुई मधोमध तळापर्यंत घाला, ओलं पीठ लागता कामा नये. सुई वरच्यावर टोचली तर तळाचा कच्चेपणा कळतच नाही.

बाहेर काढल्यावर दहा मिनिटांनी टिनमधून सोडवून जाळीवर ठेवा आणि पूर्ण गार झाल्याशिवाय कापू नका. गरम कापला तर चांगला भाजलेला ब्रेडही चिकट दिसतो. संत्र्याचा वास दुसऱ्या दिवशी जास्त खुलतो. थंडीत डब्यात तीन दिवस बाहेर राहतो, मार्चनंतर फ्रिजमध्येच ठेवा आणि खाताना तव्यावर काप शेकून घ्या.

तुमच्याकडे आत्ता जो उरलाय त्याचा कडूपणा भाजून किंवा साखर पेरून जाणार नाही, तेव्हा त्यावर आणखी सामान घालू नका. पुढच्या वेळी टिनचं माप आणि ओटीजी किती लिटरचा आहे तेवढं कळवा, वेळेचा अंदाज नेमका सांगता येईल.